नसलेल्या शुक्रवारचे व्याकरण : सामोआ, ३० डिसेंबर २०११

गुरुवार, २९ डिसेंबर २०११ची मध्यरात्र उलटली आणि पॅसिफिक महासागरातील सामोआ या द्वीपराष्ट्रात शनिवार, ३१ डिसेंबर सुरू झाला. मधला शुक्रवार तिथे उजाडलाच नाही. सुमारे १ लाख ८६ हजार लोकवस्तीच्या या देशाने रीतसर कायदा करून एक अख्खा वार दिनदर्शिकेतून वगळला होता. जगभरच्या वृत्तपत्रांनी ही बातमी नवलाची म्हणून छापली; परंतु ज्या भाषेच्या आधारे आजचे संगणक आणि फोन स्थानिक वेळ ठरवतात, त्या भाषेची ही कसोटी होती. त्या भाषेत ‘दिवस वगळा’ असे सांगणारा शब्दच नाही. तरीही तिने हा प्रसंग एका ओळीत नेमका नोंदवला. नोंद झाल्यावर जे प्रश्न उरले, ते मात्र तिच्या आवाक्याबाहेरचे निघाले. या दोन्ही गोष्टी कशा घडल्या, हे या प्रकरणात पाहायचे आहे.

भाषेची ओळख

काळाविषयी बोलण्यासाठी मुद्दाम घडवलेल्या भाषा अनेक आहेत. १९५०च्या दशकात आर्थर प्रायर या तत्त्वज्ञाने ‘पूर्वी असे होते’, ‘पुढे असे होईल’, ‘सदैव असेच राहील’ अशा विधानांचे तर्कशास्त्र रचले आणि १९७७मध्ये आमिर प्नुएली यांनी संगणकीय प्रोग्रामच्या वर्तनाविषयी नेमके बोलण्यासाठी त्या विचाराचा उपयोग केला. या प्रकरणातील भाषा त्यांच्या शेजारी अगदी साधी, जवळजवळ खतावणीसारखी दिसते. ‘टीझेड डेटाबेस’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या संग्रहाची ही लेखनपद्धती आहे. अमेरिकेतील राष्ट्रीय आरोग्य संस्थेत काम करणाऱ्या आर्थर डेव्हिड ओल्सन यांनी १९८०च्या दशकात तिचा पाया घातला आणि पुढे पॉल एगर्ट यांनी तिची देखभाल केली. लिनक्स, अँड्रॉइड, ॲपलच्या प्रणाली, जावा व पायथन या प्रोग्रामिंगच्या भाषा आणि मोठमोठे डेटाबेस स्थानिक वेळ काढताना याच संग्रहाचा आधार घेतात. सामान्य माणसाने तिचे नावही ऐकलेले नसते. फोनच्या कोपऱ्यातली वेळ मात्र तिच्याच शब्दावर ठरते.

तिचा शब्दसंग्रह हाताच्या बोटांवर मोजता येईल एवढाच आहे. ओळींचे मुख्य प्रकार तीन : झोन, रूल आणि लिंक. ‘झोन’ एखाद्या ठिकाणाची कुंडली मांडतो. त्याच्या प्रत्येक ओळीत जागतिक समन्वित वेळेपासून, म्हणजे यूटीसीपासून, त्या ठिकाणची वेळ किती पुढे किंवा मागे आहे तो फरक लिहिलेला असतो. त्यापुढे उन्हाळी वेळेच्या (म्हणजे उन्हाळ्यात घड्याळे पुढे करण्याच्या पद्धतीच्या) नियमाचे नाव, मग वेळेचे लघुरूप आणि शेवटी ही स्थिती कधीपर्यंत टिकली ती तारीख. ‘रूल’ उन्हाळी वेळ कोणत्या वर्षापासून कोणत्या वर्षापर्यंत, कोणत्या महिन्याच्या कोणत्या वारी, किती वाजता आणि किती मिनिटांनी बदलते ते सांगतो. महिन्याचा शेवटचा रविवार, किंवा १ तारखेला अथवा तिच्यानंतर येणारा पहिला रविवार, अशा गोष्टी तिथे एकेका आखूड शब्दात लिहिता येतात. ‘लिंक’ हे दुसरे नाव देण्याचे साधन आहे.

या भाषेत ‘आत्ता’ नाही. वर्तमान, भूत आणि भविष्य असा भेदही नाही. काळाच्या प्रवाहातील वळण दाखवणारा एकच दुवा आहे, तो म्हणजे ‘अमुक क्षणापर्यंत’. प्रत्येक ओळ आपला अंत सांगते आणि पुढची ओळ तिथून सुरू होते. म्हणूनच या फाइलींतून एखाद्या शहराचा इतिहास वाचताना वंशावळ वाचल्यासारखे वाटते.

ठिकाणाला नाव देताना देशाचे नाव टाळून तिथल्या मोठ्या शहराचे नाव घ्यायचे, असा येथील शिरस्ता आहे, कारण देशांची नावे आणि सीमा बदलत राहतात. सामोआच्या बाबतीत ही दूरदृष्टी उपयोगी पडली. १९९७पर्यंत या देशाचे अधिकृत नाव ‘पश्चिम सामोआ’ असे होते, पण झोनचे नाव राजधानीवरून ‘पॅसिफिक/अपिया’ असे असल्यामुळे त्याला हातही लावावा लागला नाही. उलट ‘पॅसिफिक/सामोआ’ हे नाव जुन्या वहिवाटीमुळे संग्रहात टिकून आहे आणि ते शेजारच्या अमेरिकन सामोआतील पागो पागो या ठिकाणाशी जोडलेले आहे. तिथे शुक्रवार नेहमीप्रमाणे आला आणि गेला. नाव पाहून हा पर्याय निवडणाऱ्याला त्या दिवसापासून चक्क एका दिवसाने चुकीची वेळ मिळते. भाषेच्या कर्त्यांनी टाळलेली चूक अशी दुसऱ्या नावाच्या आडवाटेने परत येते.

पूर्वपीठिका : एकदा दिलेला दिवस

२०११मध्ये सामोआने जो दिवस गमावला, तो त्याला ११९ वर्षांपूर्वी मिळाला होता. १८९२मध्ये, अमेरिकेशी असलेल्या व्यापाराच्या सोयीसाठी, या बेटांनी वाररेषेची बाजू बदलली आणि सोमवार, ४ जुलै हा दिवस लागोपाठ दोनदा पाळला. ते लीप वर्ष होते. त्यामुळे सामोआच्या १८९२ सालात ३६७ दिवस भरले. याउलट २०११ साल तिथे ३६४ दिवसांतच आटोपले.

मधल्या काळात व्यापाराचे तोंड फिरले होते. देशाचे व्यवहार मुख्यतः ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड यांच्याशी होऊ लागले होते, सामोआतील हजारो कुटुंबांचे नातलगही तिथेच राहत होते आणि तारीख मात्र अमेरिकेच्या बाजूची होती. तत्कालीन पंतप्रधान तुइलाएपा साइलेले मालिएलेगाओई यांनी मांडलेला हिशेब सरळ होता. सामोआत शुक्रवार असतो तेव्हा न्यूझीलंडमध्ये शनिवारची सुट्टी असते आणि सामोआची माणसे रविवारी चर्चमध्ये असतात तेव्हा सिडनी आणि ब्रिस्बेनमध्ये कामकाज सुरू झालेले असते. म्हणजे आठवड्यातले कामाचे दोन दिवस वाया जातात. याच सरकारने सप्टेंबर २००९मध्ये देशातील वाहने रस्त्याच्या उजव्या बाजूवरून डाव्या बाजूला आणली होती, त्यामुळे असा बदल करण्याची त्याला भीड नव्हती. मे २०११मध्ये हेतू जाहीर झाला आणि ‘आंतरराष्ट्रीय वाररेषा कायदा, २०११’ मंजूर झाला.

येथे एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. वाररेषा कोणत्याही आंतरराष्ट्रीय कराराने आखलेली नाही. १८८४च्या वॉशिंग्टन परिषदेने ग्रिनिचचे मूळ रेखावृत्त निवडले, पण वाररेषा ठरवली नाही. एखादा देश आपली वेळ यूटीसीच्या किती पुढे वा मागे ठेवायची ते स्वतः ठरवतो आणि नकाशावरची रेषा त्या निर्णयामागून वाकते. त्यामुळे टीझेडच्या भाषेत वाररेषेला शब्द नाही, हा तिचा दोष ठरत नाही. रेषा हा परिणाम आहे; मूळ आहे तो फरक, आणि फरक लिहिण्यासाठी तर ही भाषा घडली आहे.

ती ओळ

अपियाच्या झोनचे मराठी रूपांतर थोडक्यात असे होईल :

अधिक १२ तास ३३ मिनिटे ४ सेकंद, स्थानिक माध्य वेळ, ५ जुलै १८९२पर्यंत
उणे ११ तास २६ मिनिटे ५६ सेकंद, स्थानिक माध्य वेळ, १९११पर्यंत
उणे ११ तास ३० मिनिटे, १९५०पर्यंत
उणे ११ तास, सामोआचा उन्हाळी नियम, २९ डिसेंबर २०११च्या २४:०० वाजेपर्यंत
अधिक १३ तास, सामोआचा उन्हाळी नियम

पहिल्या दोन ओळींतील आकड्यांची बेरीज केली तर बरोबर २४ तास येते. सूर्य अपियाच्या डोक्यावर येण्याची वेळ १८९२मध्ये एका सेकंदानेही हललेली नाही. बदलले ते तारखेचे लेबल. चौथ्या आणि पाचव्या ओळीतला फरकही नेमका २४ तासांचाच आहे. डिसेंबरमध्ये तिथे उन्हाळी वेळ चालू होती, म्हणून प्रत्यक्षात घड्याळ उणे १० वरून अधिक १४ वर गेले. बदलाचा क्षण यूटीसीनुसार ३० डिसेंबर २०११, सकाळी १० वाजता येतो. त्या क्षणाच्या आधीच्या सेकंदाला अपियात गुरुवारचे २३:५९:५९ वाजलेले होते आणि त्या क्षणी शनिवारचे ००:०० वाजले. १९७०पासून सेकंद मोजणाऱ्या संगणकांच्या हिशेबी तो १३२५२३९२००वा सेकंद होता आणि त्याच्या आधीचा व नंतरचा सेकंद एकमेकांना नेहमीसारखे चिकटून होते. काळात कुठेही खिंडार पडले नाही. पडले ते नावांच्या मालिकेत.

चौथ्या ओळीतील ‘२९ डिसेंबर, २४:००’ हे लेखन मला फार समर्पक वाटते. तोच क्षण ‘३० डिसेंबर, ०:००’ असाही लिहिता आला असता, कारण तिथपर्यंत जुनाच फरक लागू आहे आणि गणित तंतोतंत तेच येते. पण तसे लिहिले असते तर जो दिवस आलाच नाही त्याच्या पहिल्या क्षणाचे नाव घ्यावे लागले असते. लिहिणाऱ्याने गुरुवार त्याच्या शेवटच्या काठापर्यंत नेला आणि तिथेच वाक्य संपवले. सामोआच्या उत्तरेला असलेल्या टोकेलाऊ या न्यूझीलंडच्या अखत्यारीतील बेटांनीही त्याच वेळी उडी घेतली; त्यांच्या झोनमध्ये मात्र साधे ‘३० डिसेंबर’ असे लिहिलेले आहे. यंत्राला दोन्ही पद्धती सारख्याच.

टोकेलाऊची गोष्ट आणखी एका कारणाने नोंदवण्यासारखी आहे. उडी घेताना ती बेटे उणे १० वरून अधिक १४ वर गेली असे संग्रहात धरले गेले होते. २०१२मध्ये असे आढळले की खरी संख्या उणे ११ आणि अधिक १३ होती, आणि फाइल दुरुस्त झाली. चूक एका तासाची होती. पण दोन्ही बाजूंना सारखीच असल्यामुळे वगळलेला दिवस त्या चुकीतही अचूक २४ तासांचाच राहिला होता.

इतर पंचांग-सुधारणांशी तुलना केल्यावर या ओळीचे वेगळेपण कळते. १५८२मध्ये ग्रेगरीची दिनदर्शिका स्वीकारताना गुरुवार, ४ ऑक्टोबरनंतर शुक्रवार, १५ ऑक्टोबर आला : तारखा गळाल्या, वारांची साखळी अखंड राहिली. १८६७मध्ये रशियाकडून अमेरिकेकडे गेलेल्या अलास्कात शुक्रवार, ६ ऑक्टोबरनंतर पुन्हा शुक्रवारच आला, पण तारीख १८ होती. सामोआत तारीख आणि वार दोन्ही एकदम गेले. आपल्या पंचांगात सूर्योदय न पाहिलेल्या तिथीचा क्षय होतो, परंतु वाराचा क्षय कधीही होत नाही; त्या अर्थाने सामोआने जे केले ते पंचांगकर्त्यालाही अपरिचित आहे. इंग्रजीत या रेषेचे नाव तारखेवरून पडले आहे. मराठी भूगोलाने ‘वाररेषा’ म्हटले, आणि या प्रकरणात तेच नाव अधिक खरे ठरते, कारण पुढचा सगळा वाद वारावरून झाला.

एकाच दिवसाची चार उत्तरे

टीझेडची भाषा फक्त एवढेच सांगते की कोणत्या क्षणी घड्याळ काय दाखवील. ‘३० डिसेंबर २०११, दुपारी १२, अपिया’ असे कुणी लिहिले तर त्याचे काय करायचे, हे ती सांगत नाही. तो प्रश्न तिच्यावर उभ्या असलेल्या दुसऱ्या भाषांकडे जातो आणि तिथे एकवाक्यता नाही.

२०१४मध्ये जावात आलेल्या काळविषयक ग्रंथालयाचा (म्हणजे प्रोग्राममध्ये वापरायच्या तयार आज्ञावलींच्या संचाचा) नियम असा आहे की, अस्तित्वात नसलेली स्थानिक वेळ खिंडाराच्या लांबीइतकी पुढे सरकवायची. इथे खिंडार २४ तासांचे आहे, म्हणून शुक्रवारची दुपार शनिवारची दुपार होते. याचा परिणाम असा की गुरुवारच्या दुपारी १२ मध्ये ‘२४ तास’ मिळवले तरी शनिवारची दुपार येते, ‘एक दिवस’ मिळवला तरी तीच येते आणि ‘दोन दिवस’ मिळवले तरीही तीच येते. ३० तारखेचा आरंभ कधी, असे विचारले तर उत्तर ३१ तारखेच्या पहिल्या क्षणाचे मिळते. म्हणजे ३० डिसेंबर हा शून्य तासांचा दिवस ठरतो, ज्याची सुरुवात आणि शेवट एकाच क्षणी होतो. रोज एक नोंद काढणारा एखादा साधा प्रोग्राम तारखांच्या यादीवरून चालत असेल, तर तो या शून्य लांबीच्या दिवसाचीही एक पंक्ती छापतो, आणि कोणत्याही हिशेबनीसाला ती पाहून कोड्यात पडायला होते.

दिनदर्शिकांची देवाणघेवाण ज्या मानकानुसार होते त्याचे उदाहरण याहून बोलके आहे. २००९च्या त्या मानकात दोन नियम आहेत. एखाद्या एकट्या कार्यक्रमाची वेळ अस्तित्वात नसेल, तर खिंडारापूर्वीचा फरक धरून ती वाचायची. त्याप्रमाणे शुक्रवारी दुपारी १२ची बैठक शनिवारी दुपारी १२ला भरते. परंतु ‘दर शुक्रवारी दुपारी १२’ अशा पुनरावृत्तीच्या नियमातून अशी वेळ निघाली, तर ती गाळायची आणि मोजायचीही नाही. म्हणजे एकदाच ठरवलेली बैठक शनिवारी होते आणि दर आठवड्याची बैठक त्या आठवड्यात होतच नाही. दोन्ही नियम आपापल्या जागी समंजस आहेत. वर्षातून एकदा हरवणाऱ्या तासासाठी ते लिहिले गेले होते, पूर्ण दिवसासाठी नव्हे. तरी त्यांनी दिलेली उत्तरे निदान ठाम आहेत. पूर्वीच्या पद्धतींत अशी वेळ निमूटपणे कुठेतरी ढकलली जाई आणि ती कुठे ढकलली हे कळण्याची सोय नसे.

१८९२ची उलट बाजूही अशीच अडचणीची आहे. ‘४ जुलै १८९२, दुपार, अपिया’ ही वेळ दोनदा येते आणि कोणती ते सांगण्यासाठी एक जादा खूण लागते. पायथनने २०१६ साली दुसऱ्या फेरीतील वेळेसाठी असा एक अंक भाषेत घातला. जो दिवस दोनदा आला त्याला वेगळी खूण देता आली. जो आलाच नाही त्याला कोणती खूण देणार? अशी मागणी आली तर ती नाकारायची, हा पर्याय काही नव्या ग्रंथालयांत ठेवलेला आहे आणि माझ्या मते करार, देयके किंवा न्यायालयीन मुदती हाताळणाऱ्या प्रोग्रामनी तोच घ्यावा. गप्प राहून शनिवार देण्यापेक्षा ‘असा क्षण नाही’ असे सांगणे अधिक प्रामाणिक आहे.

जे ओळीत मावले नाही

शुक्रवारी ज्यांना कामावर यायचे होते, त्यांना त्या दिवसाचे पूर्ण वेतन द्यावे, असे सरकारने ठरवले. भाषेच्या बाजूने पाहिले तर हा मोठा विलक्षण प्रसंग आहे. घड्याळाच्या लेखी शून्य तासांचा असलेला दिवस वेतनाच्या लेखी पूर्ण दिवस होता. वेळेच्या गणितातून हे उत्तर कधीही निघाले नसते, आणि निघू नये. वेतनाचा आठवडा ही सामाजिक गोष्ट आहे, तिचे माप सेकंदांत नाही.

धर्माचा प्रश्न अधिक खोल गेला. सेव्हन्थ-डे ॲडव्हेंटिस्ट पंथाचे लोक आठवड्याचा सातवा दिवस पवित्र मानतात आणि जगभर तो शनिवारी पाळतात. उडीपूर्वीचा शेवटचा शनिवार २४ डिसेंबरला होता. तिथून प्रत्यक्ष उजाडलेले दिवस मोजले, तर रविवार हा पहिला, गुरुवार पाचवा, ३१ तारखेचा शनिवार सहावा आणि सातवा दिवस १ जानेवारी २०१२चा, ज्याचे नाव रविवार. नाव धरायचे की मोजणी? पंथाच्या स्थानिक मंडळीने मोजणी धरली आणि शब्बाथ रविवारी पाळायला सुरुवात केली. काहींना ते मान्य झाले नाही, ते शनिवारच पाळत राहिले आणि वेगळे झाले. दोन्ही बाजूंचा तर्क निर्दोष आहे. एक बाजू सलग वाहणाऱ्या काळाची भाषा बोलते, दुसरी नावांची. संगणकातही हेच दोन प्रवाह आहेत : सेकंदांची अखंड मोजणी आणि तिच्यावर चिकटवलेल्या तारखा. फरक एवढाच की संगणकात दुसरा प्रवाह पहिल्यावरून काढता येतो आणि वाद मिटतो. माणसांचा वाद तसा मिटत नाही, कारण पहिला कोणता यावरच मतभेद असतो.

वर्णन आणि आज्ञा

ही भाषा निव्वळ वर्णनाची आहे, असे तिचे रखवालदार मानतात आणि ते बरोबरही आहे. सामोआचा दिवस कायद्याने गेला. फाइलीने फक्त नोंद घेतली. पण ती नोंद कंपायलरमधून, म्हणजे लिहिलेला मजकूर यंत्राच्या रूपात बदलणाऱ्या प्रोग्राममधून, जाऊन लाखो यंत्रांत पोहोचली की तिचा स्वभाव बदलतो. फोन कायदा वाचत नाही, तो नोंद वाचतो. नोंद पोहोचली नसेल तर अपियातला फोन ३० डिसेंबर दाखवत राहतो, मग संसदेने काहीही ठरवलेले असो. वर्णन करणारे वाक्य इथे आज्ञार्थी होऊन बसते, आणि आज्ञा देणारा कोण, हा प्रश्न त्यामुळे क्षुल्लक राहत नाही.

नेमक्या त्याच हंगामात तो प्रश्न अनपेक्षित रीतीने उभा राहिला. ३० सप्टेंबर २०११ रोजी अमेरिकेतील ॲस्ट्रोलॅब या ज्योतिषविषयक सॉफ्टवेअर कंपनीने ओल्सन आणि एगर्ट यांच्यावर दावा लावला. आपल्याकडे हक्क असलेल्या एका ॲटलासमधील जुन्या वेळांची माहिती संग्रहात घेतली गेली, असे तिचे म्हणणे होते. कुंडली मांडणाऱ्याला जन्मस्थळाची त्या काळची वेळ लागते, म्हणून हा व्यवसाय या माहितीचा जुना ग्राहक आहे. ६ ऑक्टोबरला संग्रह ठेवलेला सर्व्हर बंद झाला. सामोआची तारीख बारा आठवड्यांवर आली होती आणि जगाच्या घड्याळांचे मूळ पुस्तक कपाटात कुलूपबंद होते. १४ ऑक्टोबरला इंटरनेटवरील नावांचा आणि क्रमांकांचा समन्वय करणाऱ्या आयकॅन या संस्थेने संग्रहाची जबाबदारी घेतली आणि वाटप पुन्हा सुरू झाले. फेब्रुवारी २०१२मध्ये दावा मागे घेतला गेला. वस्तुस्थितीवर कुणाची मालकी नसते, हे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९१मध्येच स्पष्ट केले होते, त्यामुळे दाव्याचा पाया कच्चा होता. पण दोन व्यक्तींच्या सद्भावनेवर चाललेले काम किती सहज थांबू शकते, हे त्या आठ दिवसांत दिसून आले. संग्रहाची देखभाल कशी करावी आणि पुढचा समन्वयक कसा निवडावा, याची लिखित कार्यपद्धती फेब्रुवारी २०१२मध्येच प्रसिद्ध झाली.

‘सदैव’ या शब्दाचे काय झाले

सामोआच्या प्रकरणात या भाषेचा एक खरा दोषही उघडा पडला, पण तो २०११मध्ये नव्हे, दहा वर्षांनी. उन्हाळी वेळेच्या नियमात ‘कोणत्या वर्षापर्यंत’ या रकान्यात वर्ष माहीत नसेल तर ‘मॅक्स’ असे लिहितात. अर्थ होतो, कायमचे. सामोआच्या नियमात २०१२पासून ‘मॅक्स’पर्यंत, एप्रिलच्या पहिल्या रविवारी पहाटे ४ वाजता उन्हाळी वेळ संपते आणि सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारी पहाटे ३ वाजता सुरू होते, असे लिहिलेले होते. ‘सध्याच्या माहितीनुसार’ हे म्हणण्यासाठी या भाषेत शब्द नाही. घडून गेलेला १८९२चा सोमवार आणि अजून न आलेला २०५०चा रविवार ती एकाच ठाम सुरात सांगते.

२०२१मध्ये सामोआत सरकार बदलले आणि उन्हाळी वेळ लावायची नाही असा निर्णय झाला. बदल २६ सप्टेंबरच्या रविवारी व्हायचा होता. संग्रहाची सुधारित आवृत्ती २४ सप्टेंबरला निघाली. २०११च्या उडीची पूर्वसूचना सात महिने आधी मिळाली होती, म्हणून २४ तासांचा बदल यंत्रांच्या अंगवळणी पडला. या वेळी न होणाऱ्या एका तासाच्या बदलाला जेमतेम दोन दिवस मिळाले. आवृत्ती निघाली तरी ती प्रत्येक प्रणालीच्या अद्ययावतीकरणातून फोनपर्यंत पोहोचायला त्याहून कितीतरी अधिक काळ लागतो. तोवर जुनी नोंद असलेली यंत्रे रविवारी पहाटे आपोआप एक तास पुढे जाणार, हे ठरलेलेच होते. देशाने काहीही न करण्याचे ठरवले होते आणि त्याच्या घड्याळांना तेवढेच सांगायचे राहून गेले होते.

आता त्या दोन नियमांत ‘मॅक्स’च्या जागी वर्षे आहेत, सुरुवातीच्या नियमात २०२० आणि समाप्तीच्या नियमात २०२१. अपियाच्या झोनची शेवटची ओळ तशीच आहे : अधिक १३ तास. तिच्यापुढचा ‘कधीपर्यंत’चा रकाना रिकामा आहे.